फॅरोच्या पोटातलं गेलं कुठे?

प्रश्न थोडक्यात असा आहे: तुतनखामेनच्या थडग्याचे फोटो पाहताना चार डोकी असलेली एक पांढरी दगडी पेटी दिसली, आणि खाली लिहिलं होतं की यात राजाचे अवयव होते. अवयव काढायचेच कशाला? काढले तर इतके जपायचे कशाला? चारच का? हृदय आत आणि मेंदू कचऱ्यात, हा कुठला न्याय? आणि आज अशा बरण्या उघडल्या तर आत खरंच काही सापडतं का?

माझ्याकडे इजिप्तविद्येची पदवी नाही. वैद्यकीय महाविद्यालयात तीस वर्षांहून जास्त काळ शरीररचनाशास्त्र शिकवलं, डिसेक्शन हॉलसाठी येणाऱ्या देहांचं एम्बामिंग (देह कुजू नये म्हणून करायची प्रक्रिया) केलं आणि करवून घेतलं. इजिप्तचं वाचन त्या कामाच्या ओढीने सुरू झालं. त्यामुळे उत्तर देवांपासून सुरू करत नाही, पोटापासून करते.

आमच्या हॉलमधले एक जुने मामा म्हणायचे, "मॅडम, पोट आधी बोलतं." बरोबरच होतं त्यांचं. माणूस गेल्यावर कुजण्याची पहिली खूण चेहऱ्यावर किंवा हातापायांवर येत नाही, उजव्या कुशीत खाली येते, जिथे लहान आतडं मोठ्या आतड्याला मिळतं तिथे. हिरवट डाग. आपल्या उन्हाळ्यात बारा ते अठरा तासांत दिसतो. आतड्यातले जंतू जन्मभर आपलं अन्न पचवत असतात आणि आपण थांबलो की आपल्यालाच पचवू लागतात. आम्ही यावर उपाय करतो तो रक्तवाहिन्यांतून. मांडीच्या किंवा मानेच्या धमनीतून फॉर्मॅलिन सोडलं की ते आपोआप यकृतात, आतड्यात, फुप्फुसांत पोचतं, पोट उघडावं लागत नाही. इजिप्तच्या लेपकारांकडे, म्हणजे ममी करणाऱ्यांकडे, ही वाट नव्हती. त्यांच्याकडे होतं बाहेरून सुकवणं. आणि ओल्या, बंद पोटाला बाहेरून कितीही सुकवलं तरी आतलं थांबत नाही. कोकणात बांगडा खारवणाऱ्या कुठल्याही बाईला विचारा. पोट साफ केल्याशिवाय ती मीठ लावायला घेणार नाही.

त्यांचं मीठ म्हणजे नेट्रॉन. कैरोच्या वायव्येला वादी एल-नात्रून नावाचा खोलगट भाग आहे, तिथल्या आटणाऱ्या तळ्यांच्या काठी ते साचतं. सोडियम कार्बोनेट, बायकार्बोनेट, त्यात साधं मीठ आणि सल्फेट मिसळलेलं. पापडखार, खायचा सोडा आणि मीठ एकत्र केलं तर आपल्या स्वयंपाकघरातच जवळपास तेच तयार होईल. ते पाणी ओढून घेतं आणि चरबीचा साबण करून टाकतं. १९९४ मध्ये बॉब ब्रायर आणि रोनाल्ड वेड या दोघांनी बाल्टिमोरला देहदानातून मिळालेल्या एका देहाची जुन्या पद्धतीने ममी करून पाहिली. नेट्रॉन लागलं सुमारे २७० किलो आणि देह त्यात ठेवला ३५ दिवस. हेरोडोटस हा ग्रीक इतिहासकार सत्तर दिवस नेट्रॉनमध्ये ठेवत असं सांगतो. सत्तर दिवस हा सगळ्या विधीचा काळ असावा, सुकवण्याचा त्याच्या जेमतेम निम्मा, असं आज बहुतेक मानतात. मलाही तेच पटतं. इतका काळ नेट्रॉनमध्ये राहिलेला देह नंतर हवा तसा वळवून गुंडाळताच आला नसता.

आता कापाबद्दल. तो डाव्या कुशीत घेत. हा काप लहान असतो, पोट उभं फाडलेलं नसतं. आधीच्या राजांच्या ममींवर तो उभा दिसतो, तिसऱ्या थुटमोस राजाच्या (इ.स.पू. पंधरावं शतक) सुमारास तो जांघेच्या दिशेने तिरपा खाली सरकतो. यकृत उजवीकडे, काप डावीकडे. म्हणजे लेपकाराचा हात आत घालून, आडवा नेऊन, न बघता यकृत सोडवायचं. मग पडदा, म्हणजे श्वासपटल, बोटांनी फोडून वर छातीत शिरायचं आणि दोन्ही फुप्फुसं ओढायची, तीही मधल्या हृदयाला धक्का न लावता. पहिल्या वर्षाच्या मुलांना उघड्या छातीतून फुप्फुस काढायला सांगितलं तरी निम्मी मुलं हृदयाच्या मोठ्या वाहिन्या कापून बसतात. हे लोक कोपरापर्यंत हात घालून अंदाजाने करत होते. मला त्यांच्याबद्दल आदर वाटतो तो इथे.

त्याच कामाने एक कोडंही सुटतं. मूत्रपिंडं बऱ्याचदा आतच राहिलेली दिसतात, आणि डायोडोरस नावाचा ग्रीक लेखकही हृदय आणि मूत्रपिंडं सोडून बाकीचं काढतात असं लिहितो. यामागे धार्मिक कारण शोधणारे आहेत. मूत्रपिंडं पोटाच्या पिशवीच्या मागे, पाठीला चिकटून, चरबीत रुतलेली असतात. न बघता घातलेल्या हाताला ती लागतच नाहीत. मला वाटतं एवढं कारण पुरे आहे.

हृदयाचं मात्र तसं नाही, तिथे श्रद्धाच आहे. विचार, आठवण, नीती सगळं हृदयात राहतं असं ते मानत. मेल्यावर त्याचं वजन सत्य आणि न्यायाची देवी मात हिच्या पिसाशी करायचं, म्हणून ते जागेवर हवं. त्याने साक्ष फिरवू नये म्हणून छातीवर मंत्र कोरलेला दगडी भुंगा ठेवत. मेंदूला अशी काहीच प्रतिष्ठा नव्हती. नाकाच्या मुळाशी चाळणीसारखं पातळ हाड असतं, ते आकड्याने फोडायचं, मेंदू ढवळून पातळ करायचा, बाहेर काढायचा आणि कवटीत राळ ओतायची. मेंदू कुणी बरणीत ठेवला नाही. पुस्तकांत "हृदय नेहमी आतच असे" असं ठामपणे लिहिलेलं असतं, त्यातल्या "नेहमी"वर मात्र विश्वास ठेवू नका. स्कॅन करून पाहिल्यावर हृदय नसलेल्या बऱ्याच ममी निघाल्या आहेत. खुद्द तुतनखामेनच्या छातीत ते सापडलेलं नाही.

मग काढलेलं जपायचं कशाला? फेकून दिलं असतं तर सुकवण्याचं काम तेवढंच चांगलं झालं असतं. पण देह पुन्हा उठणार असेल तर तो अख्खा हवा. याबद्दल ते किती काटेकोर होते ते राजांच्या दरीतल्या (जिथे तुतनखामेन आणि इतर राजांची थडगी आहेत) ५४ क्रमांकाच्या खड्ड्यात दिसतं. १९०७ मध्ये तिथे मोठे मोठे रांजण निघाले, आणि त्यांत होत्या नेट्रॉनच्या पिशव्या, उरलेल्या चिंध्या, उत्तरक्रियेच्या जेवणाची भांडी. तुतनखामेनच्या अंत्यविधीतलं हे उरलंसुरलं. देहाला लागलेलं सामानही त्यांनी उकिरड्यावर टाकलं नाही, पुरलं. जिथे पुसायची चिंधी जपली, तिथे यकृत जपलं यात नवल नाही. नवल मेंदूचंच.

काढलेले अवयव धुवायचे, वेगळे नेट्रॉनमध्ये सुकवायचे, तेल आणि राळ चोपडायची, तागाच्या कापडात गुंडाळून पुडी करायची. चार पुड्या चार बरण्यांत, होरस देवाच्या चार मुलांच्या हवाली. यकृत इम्सेतीकडे, त्याचं डोकं माणसाचं. फुप्फुसं हापीकडे, तो माकडाच्या डोक्याचा (नाईलच्या पुराचा देव हापी वेगळा, नावांच्या साम्याने गोंधळू नका). जठर दुआमुतेफकडे, कोल्ह्याचं डोकं. आतडी केबेहसेनुएफकडे, ससाण्याचं डोकं. या चौघांमागे अनुक्रमे इसिस, नेफ्थिस, नीथ आणि सेरकेत या देवी उभ्या. चार मुलं चार दिशांची, दक्षिण, उत्तर, पूर्व, पश्चिम याच क्रमाने. चार हा आकडा दिशांनी ठरवला असावा, शरीराने नव्हे. शरीराचं ऐकलं असतं तर प्लीहेला कुणी वाली ठेवला असता, स्वादुपिंडालाही. त्यांच्या नावाचा कुणी देव नाही. आणि जठर कुठे संपलं, लहान आतडं कुठे सुरू झालं हे सुकल्यावर मलाही सांगता येणार नाही.

या बरण्यांना म्हणतात ते "कॅनोपिक" हे नाव निव्वळ गैरसमजातून आलं. अलेक्झांड्रियाजवळ कॅनोपस नावाचं बंदर होतं, तिथे ओसिरिस देवाची पूजा माणसाचं डोकं असलेल्या घटाच्या रूपात होत असे. युरोपातल्या जुन्या संग्राहकांनी डोक्याचं झाकण पाहिलं आणि दोन्ही एकच समजले. नाव चिकटलं ते चिकटलंच.

आता राजांकडे येते, कारण खरी गंमत तिथे आहे. चार प्राण्यांच्या डोक्यांच्या बरण्यांची रांग आपल्याला संग्रहालयांत आणि सिनेमांत दिसते, पण इजिप्तच्या इतिहासातला निम्म्याहून जास्त काळ ती अस्तित्वातच नव्हती. पिरॅमिड बांधणाऱ्या राजांनी अशी बरणी पाहिलेलीही नाही.

१९२५ मध्ये जॉर्ज राइझनर या अमेरिकन पुरातत्त्वज्ञाच्या पथकाला गिझाच्या मोठ्या पिरॅमिडच्या पूर्वेला एक उभी विहीर सापडली. राइझनर स्वतः तेव्हा अमेरिकेत होता. सुमारे २७ मीटर खोल गेल्यावर तो पिरॅमिड बांधणाऱ्या खुफू राजाची आई राणी हेतेफेरेस हिचं सामान निघालं: पलंग, खुर्च्या, पालखी, चांदीची कडी आणि बंद शवपेटी. दोन वर्षं नीट नोंदी करत १९२७ मध्ये शवपेटी उघडली, तर आत काही नाही. पण भिंतीत लिंपून बंद केलेल्या एका कोनाड्यात अलाबास्टरची चौकोनी पेटी होती, आत चार कप्पे. कप्प्यांत कापडात गुंडाळलेल्या पुड्या, आणि तीन कप्प्यांत नेट्रॉनचं पाणी, चार हजार पाचशे वर्षांनंतरही न आटलेलं. राणीचा देह नाही आणि तिची आतडी मात्र ओलीच. चोरांनी मूळ थडगं फोडलं आणि दरबाऱ्यांनी खुफूपासून ते लपवून रिकामी पेटी इथे आणून ठेवली, ही राइझनरची गोष्ट फार रंगतदार आहे, पण तिला पुरावा नाही. देह नंतर दुसरीकडे हलवला गेला असावा असं मानणारेही आहेत. माझं लक्ष मात्र त्या पाण्यावरच जातं. चौथ्या राजघराण्याच्या सुरुवातीला ते अवयव सुकवत नव्हते, खाऱ्या पाण्यात बुडवून ठेवत होते. आमच्या भाषेत सांगायचं तर कोरडा नमुना नव्हे, बाटलीतला नमुना. आणि बाटलीतला नमुना द्रावण फार पातळ असेल तर टिकत नाही हे मी स्वतःच्या चुकीने शिकले आहे. पुढे ते सुकवण्याकडे वळले यात मला काही आश्चर्य वाटत नाही.

याच काळात सुट्या दगडी बरण्याही येतात, साध्या, वर नुसतं झाकण. सहाव्या घराण्यातल्या पहिल्या पेपीच्या पिरॅमिडमध्ये गुलाबी ग्रॅनाइटची पेटी जमिनीत बसवलेली होती आणि तिथे कापडात घट्ट गुंडाळलेली एक पुडीही मिळाली. झाकणांवर माणसाची डोकी येतात ती मध्य राज्यकाळात (इ.स.पू. २००० च्या सुमारास). चारही माणसांचीच. प्राण्यांची डोकी अठराव्या घराण्याच्या, म्हणजे तुतनखामेनच्याच घराण्याच्या, अखेरीस दिसू लागतात आणि एकोणिसाव्यात रूढ होतात. म्हणजे तुतनखामेनच्या पेटीवर कोल्हा किंवा ससाणा नाही यात काहीच चूक नाही.

त्या पेटीबद्दलच प्रश्न आहे, तर तिच्यावर थोडं थांबू. हॉवर्ड कार्टरला थडगं सापडलं नोव्हेंबर १९२२ मध्ये, पण आतल्या खजिन्याच्या खोलीत हात घालायला १९२६ उजाडलं. दारात ममींचा राखणदार देव अनुबिस याचा काळा कोल्हा बसलेला. त्याच्या मागे भिंतीपर्यंत माणसाहून उंच, सोन्याने मढवलेलं लाकडी देवघर, आणि त्याच्या चार बाजूंना चार देवी हात पसरून उभ्या, मान किंचित एका कुशीला वळवून, जणू कुणी मागून येतंय का ते पाहताहेत. सेरकेतच्या डोक्यावर विंचू. देवघराच्या आत तागाच्या कापडाखाली झाकलेली कॅल्साइटची पेटी, एकाच दगडातून कोरलेली. तिचं झाकण काढल्यावर चार राजमुखं दिसतात, ती बरण्यांची झाकणं वाटतात. पण खाली बरण्या नाहीतच, पेटीतच कोरलेली चार नळकांडी आहेत. कारागिराने बरण्यांचा नुसता भास निर्माण केला आहे. प्रत्येक नळकांड्यात सुमारे ३९ सेंटिमीटरची, सोन्याची, रंगीत काच आणि दगड जडवलेली छोटी शवपेटी, वरून राळ ओतल्यामुळे घट्ट चिकटलेली. त्या छोट्या शवपेटीत पुडी.

म्हणजे देवघर, पेटी, खोटी बरणी, शवपेटी, कापड, आणि मग यकृत. राजाच्या देहाला जेवढी आवरणं, तेवढीच जवळजवळ त्याच्या आतड्यांना. आणि एवढ्या थाटातही एक गडबड आहे: त्या छोट्या सोन्याच्या शवपेट्या मुळात त्याच्यासाठी घडवलेल्या नव्हत्या. आतल्या बाजूला आधीच्या राजवटीतलं अंखखेपरूरे हे नाव खोडून तुतनखामेनचं नाव घातलेलं दिसतं. घाईत निघालेला अंत्यविधी, तयार माल हाताशी, नाव बदला आणि वापरा.

हे एकट्याचं नाही. राजांच्या दरीतल्या ५५ क्रमांकाच्या थडग्यात १९०७ मध्ये निघालेल्या चार बरण्यांवर सुंदर स्त्रीमुखं आहेत. त्या अखेनातेनची राणी कियाच्या होत्या. लेख घासून काढून, कपाळावर राजचिन्हाचा नाग बसवून त्या दुसऱ्याच राजव्यक्तीसाठी वापरल्या. त्यातल्या तीन कैरोला आहेत आणि एक न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयात. खुद्द अखेनातेनने जुन्या देवींना रजा दिली होती, म्हणून त्याच्या पेटीच्या कोपऱ्यांवर देवींच्या जागी ससाणे आहेत. श्रद्धा बदलली तरी पेटी मात्र त्याने सोडली नाही.

एकविसाव्या घराण्यात (इ.स.पू. १००० च्या सुमारास) लेपकारांचं कसब शिगेला पोचलं, आणि त्यांनी सुकवलेल्या पुड्या पुन्हा पोटात भरायला सुरुवात केली, प्रत्येक पुडीसोबत त्या त्या देवाची मेणाची मूर्ती. आता बरण्यांची गरज उरली नाही, तरी त्या थांबल्या नाहीत. नाईलच्या मुखाजवळच्या तानिसला पियेर माँते या फ्रेंच पुरातत्त्वज्ञाने १९३९-४० मध्ये पहिल्या सुसेनेस राजाचं थडगं उघडलं, तिथे सोन्याच्या मुखवट्याबरोबर दगडी बरण्याही होत्या. त्याच ठिकाणी दुसऱ्या शेशोंकसाठी चांदीच्या चार छोट्या शवपेट्या केलेल्या. पुढे तर सामान्य श्रीमंतांच्या थडग्यांत आतून कोरलेल्याच नसलेल्या बरण्या येतात. आत बोटही जाणार नाही असा भरीव दगड, वर सुबक कोल्ह्याचं डोकं. संग्रहालयात बरणी पाहिलीत तर माहितीफलकावर "भरीव" किंवा "प्रतीकात्मक" असं कुठे लिहिलंय का ते आधी शोधा.

शेवटचा प्रश्न, आत काही सापडतं का. सापडतं, पण नावावरून भरवसा ठेवू नका. पॅरिसच्या लुव्र संग्रहालयात दुसऱ्या रॅमसेसच्या नावाची निळ्या फायन्सची (काचेसारखी चकाकी दिलेली) भांडी शतकभर त्याच्या अवयवांची म्हणून प्रसिद्ध होती. आतल्या द्रव्याचं विश्लेषण केल्यावर ते रॅमसेसच्या मृत्यूनंतरच्या काळातलं निघालं. भांडी कॅनोपिक नव्हतीच. स्त्री फॅरो हातशेपसुतच्या नावाची एक लहान लाकडी पेटी १८८१ मध्ये देर अल-बहरीला सापडलेल्या, लपवून ठेवलेल्या राजममींच्या साठ्यात मिळाली होती. तिच्यात सुकलेला अवयव होता, यकृत किंवा प्लीहा म्हणून नोंदवलेला (वाली नसलेली प्लीहा इथे डोकावते), आणि एक दाढ. २००७ मध्ये इजिप्तचे पुरातत्त्वज्ञ झाही हावास यांच्या पथकाने सीटी स्कॅन करून ती दाढ ६० क्रमांकाच्या थडग्यातल्या एका स्त्रीच्या जबड्यात बसते असं जाहीर केलं. ती दाढ वरची की खालची यावरच नंतर वाद झाला. दात पाहायची सवय असलेली बाई म्हणून सांगते, मला ते प्रकरण अजून कच्चं वाटतं.

उलट रिकाम्या बरण्या कधीकधी जास्त बोलतात. दुसऱ्या अमेनहोतेपची दाई सेनेतनाय हिच्या चुनखडीच्या बरण्या कार्टरनेच १९०० मध्ये राजांच्या दरीत ४२ क्रमांकाच्या थडग्यात काढल्या. त्यांतल्या काही आता जर्मनीत हॅनोवरच्या संग्रहालयात आहेत. आतले अवयव कधीच गेले. २०२३ मध्ये दगडाच्या तळाला चिकटलेला थर खरवडून तपासला, तर मेण, वनस्पती तेलं, चरबी, डांबर, आणि पाइनच्या कुळातली राळ, बहुधा लार्च या झाडाची. आणखी एक राळ होती ती पिस्त्याच्या जातीची किंवा डामर, नक्की ठरलं नाही. डामर असेल तर ती आशियाच्या उष्ण जंगलातून आलेली, आपल्या सालवृक्षाच्या कुळातल्या झाडांची. त्याच वर्षी कैरोजवळच्या सक्काऱ्याच्या एका लेपकारांच्या कारखान्यातल्या, सुमारे आठशे वर्षांनी नंतरच्या भांड्यांतही डामरच निघाली, आणि भांड्यांवर कशाला काय लावायचं ते लिहिलेलं होतं. एवढ्या लांबून राळ आणायची ती दाईच्या फुप्फुसांसाठी.

सेनेतनायच्या बरण्यांतल्या घटकांवरून सुगंधकारांनी तो वास पुन्हा तयार केला आहे. तो मी घेतलेला नाही. पण निवृत्तीनंतर इतक्या वर्षांनी एखादी जुनी पर्स उघडली तरी माझ्या नाकात फॉर्मॅलिन येतं, आणि घरात बाकी कुणाला ते येत नाही.